बदलीची मोटर

वासुदेव मुसळे यांचं नाव हेरगावच्या चौकातल्या फलकावर बत्तीस दिवस होतं. तेहतिसाव्या दिवशी ते वारले. नाव मात्र तिथंच राहिलं, कारण फलकाला माणूस मेल्याचं कळायची सोय नव्हती. त्याला फक्त वीजचोर कळत.

रक्षाविसर्जन आटोपून वैजयंता रिक्षातून घरी परतत होती. चौकात रिक्षा अडकली आणि समोर हिरव्या अक्षरांत नवऱ्याचं नाव सरकत आलं. पुढे ग्राहक क्रमांक, त्यापुढे पेठेचं नाव, म्हणजे कुणाला शंका राहायला नको. शेजारी बसलेल्या नणंदेनं तिचं तोंड दुसरीकडे वळवायचा प्रयत्न केला. वैजयंतानं तिचा हात बाजूला केला आणि नाव दोनदा वाचलं.

"ज्यानं चढवलंय त्याच्याच हातानं उतरवून घेईन," ती म्हणाली. "न्हाईतर मुसळ्याची सून न्हवं मी."

नणंदेला वाटलं, दुःखात माणूस बोलून जातं. वैजयंताला नीट ओळखणारं कुणी असतं तर त्याला असं वाटलं नसतं.

हेरगाव इचलकरंजीपासून तासाभराच्या वाटेवर. घरं कमी आणि माग जास्त असलेलं गाव. इथं मुलं मागाच्या खडखडाटात झोपतात आणि तो थांबला की दचकून उठतात. वासूअण्णा या गावचे जॉबर, म्हणजे माग बिघडला की तो ठीक करणारे. त्याशिवाय जळलेल्या मोटरी भरून द्यायचं काम ते घरीच करत. पुढच्या खोलीत बाक, मागच्या खोलीत संसार. मोटरीत तांब्याची तार भरायला वैजयंता मदतीला बसे. लग्नाआधी तिनं दहा वर्षं मागासाठी सुताच्या कांड्या भरल्या होत्या, त्यामुळे तिची बोटं अण्णांपेक्षा चलाख होती आणि अण्णा हे चारचौघांत कबूल करत.

अण्णांची एक रीत होती, वडिलांपासून चालत आलेली. मोटर जळली की माग बंद, आणि माग बंद म्हणजे विणणाऱ्याचा दिवस बुडाला. म्हणून जळलेली मोटर घेऊन कुणी आलं की अण्णा आपल्याकडची एखादी जुनी मोटर त्याच्या हवाली करत. तुझी भरून होईपर्यंत ही वापर. हिला बदलीची मोटर म्हणायचं आणि तिचं भाडं घ्यायचं नाही. मग जळलेली मोटर भरून झाली की घरच्या लाइनीवर दहा मिनिटं चालवायची, तिला कान लावायचा, आणि मगच मालकाला परत द्यायची. दहा मिनिटं ऐकल्याशिवाय मोटर उंबऱ्याबाहेर जायची नाही.

बदलीच्या मोटरींत सगळ्यात जुनी होती लंगडी. तिच्या आतल्या फिरत्या गाभ्याची एक सळई तडकलेली होती, त्यामुळे चालताना ती जरा अडखळे. अण्णांना ती फार लाडकी.

आता हर्षद उरणे. दोन गल्ल्या पलीकडच्या मंदाकाकूंचा मुलगा, पुण्याला शिकून इंजिनिअर झालेला. 'उजेड' नावाच्या नव्या कंपनीनं तालुक्याचं वीजवाटप घेतलं आणि हर्षद त्यांचा अधिकारी होऊन गावात परतला. येताना त्यानं एक यंत्र आणलं.

यंत्रामागची कल्पना समजायला सोपी आहे. घरात येणारी वीज सेकंदाला पन्नास वेळा हेलकावते. जुना मीटर किती वीज गेली एवढंच मोजायचा. नवा मीटर त्या लाटेकडे सेकंदाला हजारो वेळा बघतो, आणि इतक्या बारकाईनं बघितलं की लाट गुळगुळीत नसते हे दिसतं. शेगडी तिला एका तऱ्हेनं ओढते, फ्रीज दुसऱ्या. मोटर तर भलतीच बोलकी. तिच्या बेअरिंगची झीज, गाभ्याचा तोल, तारेचे वेढे, सगळ्याची थरथर लाटेवर उमटते. लंगडी चालू झाली की तिच्या तडकलेल्या सळईमुळे मोठ्या लाटेच्या दोन्ही अंगांना दोन छोट्या लाटा उठत. अशा खुणांना कंपनीनं नाव दिलं होतं ठसा. दोन मोटरींचा ठसा सारखा नसतो, आणि तार नवी भरली तरी गाभा तोच राहत असल्यानं तो पुसलाही जात नाही. म्हणजे मीटरनं घरात पाऊल न टाकता सांगावं की आत काय काय चाललंय.

पण कुठला ठसा कशाचा, हे यंत्राला कुणीतरी शिकवायला हवं. ते अण्णांनी शिकवलं. हर्षद आठ महिने त्यांच्या बाकाशी बसला. मोटरीच्या तारेला चिमटा लावायचा, शेजारी माइक ठेवायचा, म्हणजे नाडी आणि आवाज दोन्ही नोंदले जात. अण्णा डोळे मिटून सांगत: ही मागाची, ही कांडी मशीनची, हिचं बेअरिंग गेलंय, ही अजून दोन वर्षं चालंल. यंत्राचे कान अण्णांचे होते. हर्षद दुपारी त्यांच्याच घरी जेवे आणि वैजयंताच्या हातच्या झुणक्याचं कौतुक करताना थकत नसे. पहिली नोंद लंगडीची झाली. यंत्राच्या साठ्यात ती 'ठसा क्रमांक एक' म्हणून गेली, आणि अण्णांनी त्या दिवशी पेढे वाटले. भोळ्या माणसाला आनंद व्हायला काही लागत नाही.

नंतर तीन वर्षांनी नोटीस आली.

मुसळ्यांच्या घरगुती मीटरवर एका वर्षात मागांच्या अकरा मोटरींचे ठसे दिसले होते. ते दिसणारच, कारण अकराही मोटरी भरायला आल्या होत्या आणि दहा-दहा मिनिटं चालल्या होत्या. पण यंत्राचा हिशेब निराळा. अकरा मागांचे ठसे आहेत आणि युनिटं मात्र जेमतेम एका घराची. मग बाकीची युनिटं कुठे गेली? अर्थात मीटरला बगल देऊन चोरली. म्हणून अकरा मागांची वर्षाची वीज, दुप्पट दरानं, आकारणी मुसळ्यांवर. नोटिशीतला आकडा वाचून अण्णांनी चष्मा पुसला आणि पुन्हा वाचला. यंत्र एवढं तर्कट स्वतःहून शिकलं नव्हतं. 'जिथे मागाचा ठसा, तिथे माग' हा नियम हर्षदनं आपल्या हातानं लिहिला होता, आणि जिल्ह्यात सगळ्यात जास्त चोऱ्या पकडल्याबद्दल त्याचा सत्कारही झाला होता.

मोटरी आमच्या, भरायला दिल्या होत्या, अशी अकरा मागवाल्यांची पत्रं घेऊन अण्णा कंपनीच्या कचेरीत गेले. वैजयंता सोबत होती. हर्षदनं पत्रांना हात लावला नाही.

"अण्णा, यंत्र कागद वाचत नाही. ठसा वाचतं."

"मग तू वाच की," अण्णा म्हणाले.

हर्षद पडद्याकडे बघत राहिला. एकाला अपवाद केला की शंभर जण पळवाट काढतात, असं काहीसं तो बोलला. अण्णांनी पत्रं गोळा केली, नीट घडी घातली आणि 'येतो रे' म्हणून निघाले. वैजयंताला पुढे कितीतरी दिवस त्या 'येतो रे'चाच राग येत राहिला.

पैशाचं काहीतरी करता आलं असतं. नावाचं करता आलं नाही. नाव फलकावर चढलं आणि मागवाले मोटरी आणायचे बंद झाले. त्यांना अण्णा चोर वाटत होते असं नाही, पण आपल्या मोटरीचा ठसा चोराच्या घरी दिसायला नको, एवढं शहाणपण प्रत्येकाकडे होतं. रिकाम्या बाकाशी अण्णा महिनाभर बसले आणि एका सकाळी बसल्या जागी कलंडले. डॉक्टरांनी हृदयाचा झटका लिहिला. वैजयंताच्या लेखी त्या झटक्याला नाव होतं, आडनाव होतं आणि दोन गल्ल्या पलीकडे नवा बंगला होता.

जिल्ह्याच्या गावी वीज आकारणी अपील मंच बसे. वैजयंतानं वकील केला नाही. आठवीपर्यंत शिकलेल्या बाईनं नियमांचं पुस्तक आणून महिनाभर पाठ केलं, एका हातानं तार भरत, दुसऱ्यानं पान उलटत. एक एक करून मागवाले परत येऊ लागले होते, तिच्या हातची मोटर अण्णांच्या तोडीची निघते म्हणून. मोटर आणायची ती पोत्यात गुंडाळून, आणि ऐकायची ती मालकाच्या शेडमध्ये जाऊन.

मंचाच्या अध्यक्ष दळवी मॅडम, निवृत्त न्यायाधीश. पहिल्या तारखेला हर्षदनं शपथेवर साक्ष दिली. जिथे मागाचा ठसा तिथे माग, नियमाला अपवाद नाही. मग वैजयंतानं त्याला विचारलं, भरायला आलेली किंवा बदलीला दिलेली मोटर दुसऱ्याच्या घरात चालते हे ठाऊक होतं का.

"असा काही प्रकार असतो हे मला कधीच कुणी सांगितलेलं नाही," हर्षद म्हणाला. जीभसुद्धा न अडखळता म्हणाला.

हे धादांत खोटं होतं. ज्या दिवशी लंगडीची नोंद झाली त्या दिवशी अण्णांनी याला बदलीची सगळी रीत समजावली होती, आणि ती स्वतः चहाचे कप घेऊन तिथं उभी होती. माइक चालू होता. अण्णांचं बोलणं ठसा क्रमांक एकच्या नोंदीत असणार. तिनं ती नोंद मागवायची विनंती केली. हर्षदनं नियम दाखवला: ठशांचा साठा हे कंपनीचं गुपित, आणि ज्या ठशावरून आरोप झाला असेल तोच तेवढा मंचापुढे आणता येतो. अण्णांवर आरोप होता त्या अकरा मोटरी वेगळ्या. त्यांची नोंद त्या त्या शेडमध्ये झालेली. लंगडी तर ठसा क्रमांक एक झाल्यापासून अण्णांनी कौतुकानं बाकाखालीच ठेवली होती, कुणाला बदलीला दिली नव्हती.

दळवी मॅडमनी चष्म्यावरून दोघांकडे बघितलं. "ठसा क्रमांक एक या प्रकरणातच नाही, बाई. मला मागवता येत नाही." आणि महिन्यानंतरची तारीख दिली.

प्रकरणातच नाही. परतीच्या एसटीत वैजयंता ते शब्द सुपारीसारखे चघळत राहिली.

त्यानंतरच्या मंगळवारी मंदाकाकू तिच्या दारात आल्या. मागे रिक्षावाला जळलेली मोटर घेऊन उभा. मंदाकाकूंना ज्वारीची भाकरी घरच्या पिठाचीच लागे. मुलानं बंगला बांधला तेव्हा त्यांनी बाकी काही मागितलं नाही, फक्त एक मोठी घरघंटी मागितली, आणि आता तिची मोटर जळली होती.

त्या उंबऱ्यातच थांबल्या. मग म्हणाल्या, "दुसरीकडं दिली असती तर तुला पुन्ना तोंड कसं दावलं असतं? म्हणून आलो बघ." गुडघा धरत त्या बाकावर बसल्या. मुलाला आपण बोल बोल बोललो, ज्याच्या घरची भाकरी खाल्लीस त्याच्या नावाला काळं लावलंस म्हणालो, पण तो जेवणाच्या ताटावरून उठून जातो, असं त्यांनी सांगितलं. अण्णांच्या फोटोकडे मात्र त्यांनी बघितलं नाही.

वैजयंतानं मोटर उलटीपालटी करून पाहिली. भरायला महिना लागेल म्हणाली. चार दिवसांचं काम होतं.

"तवर दळणाचं काय करू गं?"

"बदलीची देते की," वैजयंता म्हणाली, आणि वाकून बाकाखालून लंगडी ओढली.

वाकलेली असताना तिच्या मनात काय आलं ते सांगायला हवं. तिला वाटलं, देव आहे; आता हर्षदचं नाव फलकावर चढेल. पावती लिहायला घेतली आणि सवयीनं नाव विचारलं तेव्हा मंदाकाकू म्हणाल्या, "माझंच घाल. बंगला माझ्या नावावर हाय, मीटरबी माझ्याच नावावर. त्यानं हौसेनं केलंय." वैजयंताचा हात थांबला. समोरची म्हातारी पदरानं घाम पुसत होती. हिच्याच मांडीवर वैजयंताच्या, आता सासरी असलेल्या, मुलीनं बाळगुटी घेतली होती. एक वाक्य बोललं तर सगळं तिथंच मिटणार होतं. वैजयंतानं नाव पूर्ण लिहिलं आणि पावती फाडून दिली.

घरोघर गाड्यांचे चार्जर आल्यापासून सगळीकडे थ्री-फेज लाइन होती, त्यामुळे मागाची मोटर घरघंटीला जोडण्यात अडचण नव्हती. तिचा वेग कमी म्हणून चाक तेवढं मोठं बसवावं लागलं. वैजयंता स्वतः बंगल्यावर जाऊन ते करून आली. हर्षद कचेरीत होता. बटण दाबल्यावर लंगडी तिच्या चालीनं सुरू झाली.

"अडखळतीया का गं ही?" मंदाकाकूंनी विचारलं.

"थोडी लंगडते."

"लंगडू दे. मीबी लंगडतो." म्हणून त्या हसल्या आणि पहिलं वाटीभर पीठ वैजयंताच्या पदरात घातलं. घरी येऊन तिनं त्या पिठाची भाकरी केली नाही. डबा बंद करून फळीवर ठेवला.

अण्णांच्या वेळेसारखं यंत्र आता वर्षभराच्या हिशेबासाठी थांबत नसे. एकदा दिसलेला ठसा ते नुसता टिपून ठेवी. तीन वेळा दिसला की कारवाई. मंदाकाकू दर आठवड्याला दळत. तिसऱ्या दळणाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी बंगल्याची वीज आपोआप तुटली आणि चौकातल्या फलकावर मंदाकिनी उरणे हे नाव वासुदेव मुसळ्यांच्या खाली सरकू लागलं.

बातमी गावभर व्हायला अर्धा तास पुरला. वैजयंता बघायला गेली. पानपट्टीशी लोक जमले होते, कुणी फोटो काढत होतं, साहेबाच्या घरातच माग, असं म्हणून हसत होतं. वैजयंताला आनंद झाला. जेवल्यासारखा, पोटभर. मग तिला रस्त्यापलीकडे मंदाकाकू दिसल्या. सरकणारी अक्षरं त्यांच्या डोळ्यांना धरवत नव्हती, म्हणून त्या नाव पुन्हा येण्याची वाट बघत होत्या. आलं की ओठ हलवत थोडं वाचायच्या, मग पुढच्या खेपेची वाट. वैजयंता पानपट्टीच्या आड झाली आणि मागच्या गल्लीनं घरी आली.

दुपारी हर्षद आला. त्यानं कचेरीत ठसा बघितला होता आणि बघताच ओळखला होता. कसा नाही ओळखणार?

"वहिनी, लंगडी आमच्या घरात कशी आली?"

"बदलीनं."

तो खुर्चीवर बसला नाही, कुणी बस म्हटलं नाही. वहिनींनी फक्त एक पत्र द्यावं, ही मोटर तात्पुरती दिली होती एवढं लिहावं, बाकी तो बघून घेईल, असं तो म्हणाला. वैजयंता तार भरत होती. तिनं वेढे मोजायचं थांबवलं नाही.

"यंत्र कागद वाचत न्हाई म्हणं."

"आईचं नाव आहे हो ते."

"माझ्या नवऱ्याचं हुतं." तिनं तार तोडली. "आतनं पुसून टाक की. तुझंच यंत्र हाय."

त्याला ते करता येत नव्हतं. कुणा अधिकाऱ्यानं ओळखीच्या माणसाचं नाव गुपचूप पुसू नये म्हणून ते कुलूप त्यानंच घातलं होतं, आणि त्याचीही त्याला शाबासकी मिळाली होती. नाव उतरवायचा एकच मार्ग उरला होता. ज्या ठशावरून आरोप झाला त्याची मूळ नोंद मंचापुढे वाजवायची आणि मंचानं ठरवायचं.

"मग ये परवा मंचापुढं," वैजयंता म्हणाली. "आता ठसा एक प्रकरणात हाय."

तेव्हा कुठे हर्षदच्या लक्षात आलं, त्या नोंदीत अण्णांच्या बोलण्यासोबत त्याचा स्वतःचा आवाजही होता. त्यानं एकवार अण्णांच्या फोटोकडे पाहिलं आणि निघून गेला. त्याचं ते जाणं वैजयंतानं दारात उभं राहून गल्लीच्या टोकापर्यंत बघितलं.

तारखेच्या दिवशी मंचाच्या खोलीत हेरगावचे पंधरावीस मागवाले आले होते. आईच्या नावाचं अपील हर्षदनं आदल्या दिवशीच दाखल केलं होतं. मंदाकाकू शेवटच्या बाकड्यावर होत्या, डोक्यावरून पदर घेऊन. वैजयंतानं दोन्ही प्रकरणं एकाच नियमातून उभी राहिली आहेत म्हणून एकत्र ऐकावीत अशी विनंती केली. दळवी मॅडमनी ती मान्य केली आणि हर्षदला विचारलं की 'जिथे मागाचा ठसा तिथे माग' हे त्याचं शपथेवरचं म्हणणं अजून कायम आहे का. कायम असेल तर त्याच्या आईवरची आकारणीही कायम. नसेल तर ठसा क्रमांक एकची मूळ नोंद वाजवावी लागेल. त्याची हरकत आहे का?

हर्षद उभा राहिला. एका बाजूला आई, दुसऱ्या बाजूला स्वतःची खोटी शपथ. त्यानं मागे वळून शेवटच्या बाकड्याकडे पाहिलं आणि खालच्या आवाजात म्हणाला, "हरकत नाही."

या घटकेसाठी वैजयंता जगली होती. नोंद वाजताना हर्षदच्या तोंडावरची एक एक रेघ बघायची, पापणी लवू द्यायची नाही, असं तिनं ठरवून ठेवलं होतं. मंचाच्या कारकुनानं कळ दाबली. पडद्यावर लाट उमटली आणि खोलीभर लंगडीचा अडखळता आवाज पसरला. त्यातून अण्णांचं खाकरणं ऐकू आलं.

"हर्षद, ही बदलीची मोटर. आज हितं, उद्या दुसऱ्याच्यात. हिला कायमचं घर न्हाई. तवा हिच्यावरनं कुणाचं घर वळखू नगोस बाबा."

"लिहून घेतो, अण्णा." तरणा, उत्साही आवाज.

"लिहू नगो, ध्यानात ठेव. अगं वैजू, पोराला च्या दे आदी, सकाळधरनं बसलंय."

नोंद संपली. वैजयंताच्या लक्षात आलं की आपले डोळे मिटलेले होते. हर्षदचं तोंड तिनं बघितलंच नव्हतं.

दळवी मॅडमनी दोन्ही आकारण्या रद्द केल्या. हेरगावात ठशाचा नियम पुढच्या आदेशापर्यंत थांबवला आणि खोट्या शपथेबद्दल हर्षदवर कारवाईची शिफारस लिहायला सांगितली. आणखी काही म्हणायचंय का, असं त्यांनी वैजयंताला विचारलं. तिनं एकच मागितलं. नावं कचेरीत बसून उतरवायची नाहीत. फलकाच्या खाली पेटी आहे, तिथं उभं राहून, गावासमोर, याच्या हातानं.

त्याच दिवशी पाच वाजता हर्षदनं चौकात पेटी उघडली. ग्राहक क्रमांकाचे आकडे त्याच्याकडून दोनदा चुकले. आधी वासुदेव मुसळे गेलं, मग मंदाकिनी उरणे. वैजयंतानं या खेपेला डोळे उघडे ठेवले आणि सगळं शेवटपर्यंत बघितलं. सूड घेऊन समाधान मिळत नाही, असं जे सांगतात त्यांनी बहुधा तो घेतलेला नसतो. तिला मिळालं. त्या दिवशी ती कितीतरी महिन्यांनी पोटभर जेवली.

दुसऱ्या दिवशी सकाळी मंदाकाकू रिक्षानं आल्या. लंगडी त्यांनी रिक्षावाल्याला बाकावर ठेवायला लावली. वैजयंतानं लगबगीनं खुर्ची पुढे केली, पण त्या बसल्या नाहीत. त्यांची मोटर केव्हाचीच भरून तयार होती.

"पावती लिहिताना तुला कळलं हुतं न्हवं," मंदाकाकू म्हणाल्या, "मीटर माझ्या नावावर हाय म्हणून?"

खोटं बोलणं सोपं होतं. "व्हय," वैजयंता म्हणाली.

मंदाकाकूंनी मान हलवली. मग पहिल्यांदाच त्यांनी अण्णांच्या फोटोकडे नीट बघितलं.

"सांगितलं असतंस तर मी आपणहून न्हेली असती गं. माझ्या नावासकट."

हर्षदसाठी तिनं महिनोन् महिने शब्द साठवले होते, यांच्यासाठी एकही नव्हता. मंदाकाकूंनी रिक्षावाल्याला आपली मोटर उचलायला सांगितली. वैजयंता म्हणाली, दहा मिनिटं थांबा, चालवून ऐकते आणि मग देते. घराची रीत आहे.

"नगो," त्या म्हणाल्या. "ऐकल्याबिगरच न्हेतो."

घरघंटी त्यांनी पुढे विकून टाकली. हर्षदची नोकरी गेली. तो पुण्याला गेला, आणि म्हातारीनं मात्र गाव सोडलं नाही. मागवाले पुन्हा उघड्यानं मोटरी आणतात. वैजयंता बदलीच्या मोटरी देते, भाडं घेत नाही, आणि भरलेली मोटर घरच्या लाइनीवर बेलाशक चालवून बघते. फळीवरचा पिठाचा डबा तिनं अजून उघडलेला नाही.

दर मंगळवारी सकाळी मंदाकाकू ज्वारीचा डबा कमरेवर घेऊन गिरणीत जातात. वाट मुसळ्यांच्या दारावरूनच आहे. त्या वेळेला वैजयंता कुठली तरी मोटर चालू करते, आणि मंदाकाकू पार गल्लीबाहेर जाईपर्यंत मान वर न करता तिला कान लावून बसते.